दोन पेट स्कॅन, एक पावडर आणि आमचं गुऱ्हाळ

आधीच सांगून टाकतो, माझं गुऱ्हाळ आहे. माजलगाव धरणाच्या कालव्यावर आमचा ऊस, आणि दिवाळी झाली की चुलवाण पेटतं. धाकट्या भावाच्या मानेतली गाठ कॅन्सरची निघाली तेव्हा सोयऱ्याधायऱ्यांनी पहिला संशय घेतला तो गुळावर. ‘साखरेवरच जगतो म्हणे तो रोग, आणि तुम्ही तर ढेपांच्या थप्प्या लावता.’ माय आतून मोडली. लहानपणी धाकट्याला काकवीशिवाय भाकरी उतरायची नाही, आणि वाढणारी तीच.

अडीच महिन्यांत आम्ही छत्रपती संभाजीनगरच्या एका पेट स्कॅन सेंटरला दोनदा जाऊन आलो. पेट स्कॅन म्हणजे अंगात कॅन्सर कुठं कुठं आहे ते चित्रात दाखवणारी तपासणी. मधल्या काळात फोनवरून एक पावडरही मागवली. दोन्हीकडं पैसे खिशातले गेले, आणि दोघांचाही धंदा एकाच वाक्यावर चालतो: कॅन्सरची पेशी साखर खाते. सेंटरला मी पाचातले चार तारे देतो, पावडरीला एकही नाही. नावं दोघांचीही लिहीत नाही, कारण तक्रारी दोघांबद्दल आहेत.

धाकटा एकोणतीस वर्षांचा. उन्हाळ्यात गाठ आली, रात्री अंथरूण भिजेल एवढा घाम, वजन उतरलेलं. जवळच्या एका डॉक्टरांनी तुकडा न तपासताच टीबीच्या गोळ्या सुरू केल्या. चार महिने त्यात गेले. गाठ लिंबाएवढी होती ती पेरूएवढी झाली, तेव्हा आम्ही उठून शहर गाठलं. तुकडा काढला. हॉजकिन लिम्फोमा, म्हणजे लसिकाग्रंथींचा कॅन्सर. नव्या डॉक्टरांनी केमोच्या आधी पेट स्कॅन सांगितला.

पहिल्या खेपेला फोनवर दोनच गोष्टी सांगितल्या: सहा तास उपाशी, फक्त पाणी चालेल, आणि साडेतेरा हजार रुपये. पहाटे तीनला निघालो. गढीला हायवे लागतो, मग गेवराई, शहागडचा पूल, पाचोड, आडूळ. साडेसहाला सेंटरच्या दारात. स्कॅनआधी टोचतात त्या औषधाची गाडी आली साडेनऊला. नंबर आमचा चौथा. धाकट्याच्या पोटात आदल्या रात्रीची अर्धी भाकर.

त्या गाडीवर मी तिथं चिडलो, नंतर कारण कळलं. हे औषध साठवून ठेवता येत नाही. सायक्लोट्रॉन नावाच्या यंत्रात तयार होतं, आणि त्यातलं किरणोत्सारी फ्लोरीन-१८ दर ११० मिनिटांनी अर्धं उरतं. रसासारखंच आहे हे. रस काढला की लगेच काहिलीत पडला पाहिजे, दुपारपर्यंत ठेवला तर आंबतो. इथं तर आंबायलाही काही शिल्लक राहत नाही. गाडी वाटेत अडकली की सगळ्यांचेच नंबर लांबतात. हे मान्य. पण रिसेप्शनवरच्या पोराला ‘गाडी उशिरा येतेय, बाहेर पाय मोकळे करून या’ एवढं म्हणता आलं असतं.

मी परभणीला बीएस्सी केलंय, केमिस्ट्री घेऊन. त्याचा उपयोग आजवर उसाच्या रसाची ब्रिक्स, म्हणजे गोडी, मोजण्यापुरताच झाला. इथं मात्र तिथल्या डॉक्टरीणबाईंनी कागदावर षट्कोन काढून दाखवला आणि पंचवीस वर्षांपूर्वीचं सगळं डोळ्यासमोर आलं. ग्लुकोजच्या दुसऱ्या कार्बनवरचा हायड्रॉक्सिल काढून तिथं तो फ्लोरीन बसवलेला असतो. पेशीला वाटतं साखरच आहे, ती आत घेते. हेक्झोकायनेज नावाचं एन्झाइम त्याला फॉस्फेट चिकटवतं. खऱ्या साखरेचं इथून पुढं ज्वलन सुरू होतं. ह्या नकली साखरेची गाडी मात्र तिथंच रुतते. पुढं जाता येत नाही, बाहेर पडता येत नाही. जी पेशी जास्त हावरी, तिच्यात जास्त साठतं, आणि यंत्राला ती तेवढीच उजळ दिसते.

हावरटपणा कुठून येतो, हे मला चुलवाणामुळं चटकन कळलं. वाळलेलं चिपाड, हवा मोकळी, तर थोड्या जळणात मोठी आच. ओलं चिपाड कोंबलं की जळव्या कावतो: जळण दुप्पट जातं, धूर मरणाचा, आणि काहील काही उकळत नाही. निरोगी पेशीला ऑक्सिजन मिळाला की एका ग्लुकोजमधून एटीपीचे, म्हणजे पेशीला ताकद पुरवणाऱ्या मालाचे, तीसेक रेणू काढते. बऱ्याच कॅन्सरच्या पेशी ऑक्सिजन असूनही साखर अर्धवट तोडतात, दोन एटीपी घेतात आणि उरलेलं लॅक्टिक आम्ल करून बाहेर टाकतात. म्हणून त्यांना साखर जास्त लागते. जर्मनीच्या ओटो वारबुर्ग यांना हे १९२० च्या दशकातच दिसलं होतं. त्यांना १९३१ चं नोबेल मिळालं, ते मात्र पेशीच्या श्वसनातल्या एन्झाइमवरच्या कामासाठी. कॅन्सरचं मूळ पेशीचं श्वसन बिघडण्यात आहे असं ते धरून बसले होते. पुढं कळलं की पुष्कळ कॅन्सरांत ती भट्टी शाबूत असते, पेशीच वेगळा हिशोब करते. तिला नुसती आच नको असते, नव्या पेशी बांधायला माल हवा असतो, आणि अर्धवट तोडलेल्या साखरेतून तो मिळतो.

हे सगळं मला डॉक्टरीणबाईंनी सांगितलं ते दुसऱ्या खेपेला. पहिल्या खेपेला कोणी काही बोललं नाही, आणि तिथंच माझी मोठी तक्रार आहे.

स्कॅनच्या आदल्या दिवशी धाकट्यानं टेम्पोत ढेपा भरल्या. मी नको म्हणत होतो, तर म्हणला, “दादा, उद्या तर झोपूनच राहायचंय, आज करू दे.” रिपोर्टमध्ये दोन्ही खांद्यांचे आणि पाठीचे स्नायू उजळलेले आले. राबलेला स्नायूही साखर ओढतो. रिपोर्टवर डॉक्टरांनी तसं लिहिलं म्हणून ठीक, नाहीतर इंग्रजी वाचून आमचं काळीज फाटलंच होतं. चोवीस तास जड काम नाही, हे फोनवर सांगायला दहा सेकंद लागतात. आमच्यासारख्या राबणाऱ्या माणसांना तर हे सगळ्यात आधी सांगायला पाहिजे.

इंजेक्शन शिशाच्या जाड आवरणातल्या सिरिंजमधून देतात. मग तासभर एका खोलीत गुपचूप पडून राहायचं. बोलायचं नाही, मोबाइल नाही, सुपारीबिपारी चघळायची नाही. घशातल्या आणि जबड्याच्या स्नायूंचंही तसंच असतं. खोलीत एसी असा की हिवाळ्यात उसाला पाणी द्यायला गेल्यासारखं वाटावं. पांघरूण मागितलं तर पातळ चादर दिली. नंतर कळलं की थंडीनं कुडकुडलं तर मानेजवळची एक प्रकारची चरबी ऊब करण्यासाठी साखर जाळायला लागते आणि तीही चमकते. ज्याची गाठच मानेत आहे त्याला कुडकुडत ठेवायचं म्हणजे कमालच. दुसऱ्या खेपेला मी घरची घोंगडी नेली.

आता पावडर. पहिला रिपोर्ट हातात आला, त्यात ‘एसयूव्ही’ म्हणून आकडे होते. गाडी नव्हे, कुठल्या जागेनं किती औषध ओढलं त्याचं माप. मानेत अकरा, छातीत चौदा. गावातल्या एकानं तो कागद बघितला आणि म्हणला, “बघ, कॅन्सर किती साखर खातोय ते. खाणं तोडलं की मरतो.” त्यानंच नंबर दिला. महिन्याचा डबा चार हजार आठशेला. सोबत कागद: साखर, गूळ, भात, ज्वारी, फळं, दूध सगळं बंद, पावडर तीन वेळा कोमट पाण्यातून. जवस, गव्हांकूर, हळद आणि आणखी काहीतरी. चव पावसात भिजून वाळलेल्या कडब्यासारखी. फोनवरचा माणूस मधाळ बोलायचा, ‘पेट स्कॅन हाच आमचा पुरावा’ म्हणायचा. माझ्यासारखा केमिस्ट्रीवाला त्याला फसला, हे लिहायला लाज वाटते. पण त्या दिवसांत कुणी नांगराचा फाळ उगाळून द्या म्हणलं असतं तरी दिला असता.

ज्वारी बंद केलेला माजलगावचा माणूस काय खाणार? तीन आठवड्यांत धाकट्याचं चार किलो वजन गेलं, तेही केमो चालू असताना. केमोच्या डॉक्टरांनी डबा टेबलावर ठेवून घेतला आणि मला असं झापलं की शाळेतले गुरुजी आठवले. केमो सोसायला अंगात ताकद लागते, वजन पडलं तर डोस पुढं ढकलावा लागतो, हे त्यांनी सांगितलं. डब्याचे पैसे परत मागितले. फोन उचललेला नाही.

दुसरा स्कॅन संक्रांतीच्या आठवड्यात होता. दोन सायकल, म्हणजे चार वेळा केमो झाल्यावर. मायनं त्या वर्षी तिळगूळ केला नव्हता. घरी गुळाच्या ढेपा आणि चहा बिनसाखरेचा. ती हट्टानं सोबत आली. रिसेप्शनवर वाटीत तिळाच्या वड्या ठेवलेल्या, आणि तिथली पोरगी येणाऱ्या प्रत्येक उपाशी माणसाला सवयीनं ‘तिळगूळ घ्या’ म्हणत होती. मग जीभ चावायची. मला हसू आलं, मायला नाही.

आमच्या शेजारी जालन्याकडचे एक बाबा बसले होते, प्रोस्टेटचा कॅन्सर. ते चहा-बिस्किट खाऊन आलेले. मी म्हणलं, तुम्हाला परत पाठवतील. तर म्हणाले, माझं औषध येगळं हाय. चौकशी केली तर खरंच. प्रोस्टेटचे बरेच कॅन्सर साखरेचे फार शौकीन नसतात. साखरेच्या स्कॅनमध्ये ते अंधारातच राहू शकतात. म्हणून त्यांना पीएसएमए नावाच्या, त्या पेशींच्या अंगावर असलेल्या प्रथिनाला चिकटणारं दुसरं औषध देतात. यकृताच्या काही कॅन्सरांत तर पेशी नकली साखर घेतात, पण तो फॉस्फेट पुन्हा काढून बाहेर सोडून देतात. यकृताचं मूळ कामच ते आहे, साखर तयार करून रक्तात सोडणं. त्याच्यातून निघालेली पेशी घरची सवय विसरत नाही. उलट टीबीची गाठ कॅन्सर नसून झगझगीत दिसते, कारण तिथं लढणाऱ्या पेशीही साखर ओढतात. म्हणजे आमच्या पहिल्या डॉक्टरांनी स्कॅन केला असता तरी टीबी की लिम्फोमा हे त्यातून ठरलं नसतं. त्याला तुकडाच लागतो.

एका मधुमेही बाईंना त्या दिवशी परत पाठवलं. रक्तातली साखर २६० भरली. खरी साखर एवढी असली की नकलीला पेशीच्या दारात जागाच मिळत नाही, स्कॅन फिका येतो. त्यांचा मुलगा भांडत होता. त्याचंही चूक नाही. हिंगोलीहून आले होते. रक्त तपासायचं तर आदल्या दिवशी गावातच तपासून फोनवर विचारता येतं, हे सेंटरनं का करू नये?

आता चार तारे का, ते सांगतो. डॉक्टरीणबाई. स्कॅन झाल्यावर त्यांनी आम्हा तिघांना आत बोलावलं आणि पडद्यावर दोन चित्रं शेजारी लावली. त्या पडद्यावर चमक काळी दिसते. पहिल्यात मानेत आणि छातीत काळे गोळे. दुसऱ्यात तिथं जवळपास काहीच नाही. पण दोन्ही चित्रांत डोक्यात काळंकुट्ट, आणि लघवीच्या पिशवीतही. माय घाबरली. “डोस्क्यात गेलाय का वो?”

“नाही आई. तो मेंदू आहे. मेंदू साखरेवरच चालतो, तुमचाही असाच दिसेल. आणि पिशवीत दिसतंय ते औषध बाहेर पडतंय.”

मग मायनं जे विचारलं ते मी तिला कधी विचारू दिलं नव्हतं. “म्या लहानपनी त्याला लई काकवी चारली. त्यानंच झालं का?”

बाई थांबल्या. मग अगदी सावकाश म्हणाल्या, “नाही. काकवीनं हा आजार होत नाही. आणि आता गूळ बंद केला तरी रक्तातली साखर शून्य होत नाही. यकृत स्वतः करून देतं, नाहीतर हा मेंदू चालायचा कसा? उपाशी राहतो तो तुमचा मुलगा, कॅन्सर नाही.” धाकट्याला मधुमेह नाही, त्यामुळं नेहमीचं जेवण आणि बेतानं गोड, एवढंच त्यांनी सांगितलं. माय पदरानं डोळे पुसत राहिली. मी पडद्याकडं बघत राहिलो.

मी विचारलं, मानेत अकरा आणि छातीत चौदा असं का? एकाच माणसाचा एकच कॅन्सर ना? तर म्हणाल्या, एकाच गाठीतल्या पेशीही एकसारख्या जेवत नाहीत. रक्तवाहिनीजवळच्या पेशींना ऑक्सिजन मिळतो, आतल्यांना नाही. काही गाठींमध्ये आतल्या पेशी साखर तोडून लॅक्टेट बाहेर टाकतात आणि बाहेरच्या पेशी तेच लॅक्टेट जाळून जगतात. मी लगेच म्हणलं, आमचं गुऱ्हाळ हो! रस काहिलीत जातो, उरलेलं चिपाड चुलवाणात. एकाचा कचरा दुसऱ्याचं जळण. बाई हसल्या. शिवाय पेशींच्या खाण्यात ग्लुटामिन नावाचं अमिनो आम्ल आहे, चरबी आहे. एक वाट बंद केली तर काही पेशी दुसरी धरतात. आणि हॉजकिनमध्ये तर गंमत अशी की गाठीतल्या शंभर पेशींत खरी कॅन्सरची एखाददुसरीच असते. बाकी तिनं जमवलेली गर्दी. स्कॅनमध्ये चमकतं त्यात ह्या गर्दीचा वाटा मोठा. मुख्य आरोपी मेला की गर्दी पांगते, म्हणून चित्र एवढं लवकर साफ दिसलं.

मग पेशीचं खाणं तोडून काहीच होत नाही का? होतं, पण कुठली पेशी कशाला परावलंबी आहे हे आधी नेमकं कळावं लागतं. लहान मुलांच्या एका रक्ताच्या कॅन्सरमध्ये पेशींना अ‍ॅस्पॅराजिन नावाचं अमिनो आम्ल स्वतःला पुरेसं तयार करता येत नाही. अ‍ॅस्पॅराजिनेज हे औषध रक्तातलं अ‍ॅस्पॅराजिनच संपवतं. निरोगी पेशी आपलं आपण बनवून निभावतात, त्या पेशी मरतात. हे औषध कित्येक वर्षं वापरात आहे. दुसऱ्या बाजूला मेटफॉर्मिन, मधुमेहाची गोळी. तिच्याकडून फार आशा होती. मधुमेह नसलेल्या साडेतीन हजारांहून जास्त स्तनाच्या कॅन्सरच्या रुग्णांवर तिची मोठी चाचणी झाली, निकाल २०२२ मध्ये आला, आणि आजार उलटण्यात एकूण फरक दिसला नाही. एवढी अभ्यासलेली गोळी जिथं कमी पडली तिथं कडब्याची पावडर काय दिवे लावणार होती!

रिपोर्टवर डोव्हिल स्कोअर दोन आला. एक ते पाच असा असतो. उरलेल्या गाठीची चमक छातीतल्या रक्ताच्या आणि यकृताच्या चमकेशी ताडून देतात. दोन म्हणजे चांगला. त्याचा उपयोग नुसतं पेढे वाटण्यापुरता नाही. केमोच्या चार औषधांपैकी ब्लिओमायसिन फुप्फुसाला इजा करू शकतं. दोन सायकलनंतर स्कॅन असा साफ आला तर पुढच्या चार सायकलींमधून ते वगळता येतं, आणि आमच्या डॉक्टरांनी ते वगळलं. चुलवाणाच्या धुरात उभं राहणाऱ्या माणसासाठी हे साडेतेरा हजारांत स्वस्त म्हणायचं. गाठ हाताला अजून थोडी लागतेच, साध्या सीटीत दिसलीही असती. पण तिच्यात आता धग नाही, राख आहे, हे फक्त ह्या स्कॅननं सांगितलं.

जाणाऱ्यांसाठी काही गोष्टी. आदल्या दिवशी बैलासारखं राबू नका. मधुमेह असेल तर गोळ्यांचं आधीच विचारा. मेटफॉर्मिननं आतडी चमकतात, ती गोळी काही दिवस बंद ठेवायची का हे डॉक्टरच सांगतील, स्वतःच्या मनानं करू नका. जाड पांघरूण घरून न्या. सीडी मागून घ्या, नुसता कागद देतात आणि पुढचा डॉक्टर सीडीच मागतो. पार्किंग नाही, गाडी लांब लावावी लागते. लघवीसाठी रुग्णांचं वेगळं संडास आहे आणि स्वच्छ आहे, हे खास लिहितो. स्कॅननंतर काही तास लहान लेकरं आणि गरोदर बाईपासून लांब राहायला सांगतात. धाकट्याची पोरगी दोन वर्षांची. मी हिशोब केला: सहा तासांत दहावा हिस्सा उरतो. तरी तो पहिल्या रात्री गोठ्याशेजारच्या खोलीत झोपला आणि पोरगी दारावर थापा मारत राहिली.

दुसऱ्या खेपेला बाहेर पडल्यावर धाकटा म्हणाला, इमरती खायची. शहरात आलो की आमच्याकडं तेच मागतात. मी मायकडं बघितलं. तिनं पिशवीतून पैसे काढले.

घरी आल्यावर तिनं तीळ भाजले. संक्रांत होऊन तीन दिवस झाले होते. शेवटचा स्कॅन सगळ्या केमो संपल्यावर, उन्हाळ्यात. सकाळचा पहिला नंबर आत्ताच सांगून ठेवलाय. घोंगडी तेव्हाही नेणार, तिथल्या एसीला उन्हाळा-हिवाळा कळत नाही.